बॉस्टनचे पहिले दोन महापौर : फिलिप्स की क्विन्सी?

१८२२ साली बॉस्टन 'टाउन'चं 'सिटी' झालं. महापौरपदासाठी जोसाया क्विन्सी आणि हॅरिसन ग्रे ओटिस यांच्यात मतं फुटली आणि तडजोड म्हणून जॉन फिलिप्स पुढे आले. ते मॅसॅच्युसेट्स सिनेटचे अध्यक्ष होते, शांत स्वभावाचे. एक वर्ष त्यांनी नव्या कारभाराची घडी बसवली, फारसे बदल केले नाहीत, आणि पद सोडल्यावर काही आठवड्यांतच, मे १८२३ मध्ये, वारले. (गुलामगिरीविरोधी वक्ते वेंडेल फिलिप्स हे त्यांचेच चिरंजीव.)

क्विन्सी अगदी वेगळे. १८२३ पासून जवळजवळ सहा वर्षं त्यांनी महापालिकेच्या समित्यांची सूत्रं स्वतःकडे ठेवली. रस्ते झाडून घेतले, अग्निशमन दलाची नव्याने बांधणी केली. फॅन्युइल हॉल या जुन्या बाजार-सभागृहामागे, भर घालून मिळवलेल्या जमिनीवर, अलेक्झांडर पॅरिस यांच्या आराखड्याप्रमाणे ग्रॅनाइटचा लांबलचक बाजार उभा केला. १८२६ मध्ये सुरू झालेला हा क्विन्सी मार्केट आजही गजबजलेला असतो.

मला विचाराल तर क्विन्सीच उजवे. पण एक गोष्ट मनाला लागते : १८२६ मध्ये सुरू झालेलं मुलींचं हायस्कूल त्यांच्याच काळात, १८२८ मध्ये बंद झालं. प्रवेशासाठी मुली फार येत होत्या आणि खर्च परवडेना, म्हणून! फिलिप्स यांच्या नावावर असा डाग नाही; मात्र त्यांना वेळही एकच वर्ष मिळाला.

डिसेंबर १८२८ च्या निवडणुकीत दोन फेऱ्यांतही बहुमत मिळालं नाही, तेव्हा क्विन्सींनी माघार घेतली. पुढच्याच वर्षी ते हार्वर्डचे अध्यक्ष झाले आणि १८४५ पर्यंत त्या पदावर राहिले.