अपिलात तडजोड: बाहेर कागद करावा की कोर्टात पुरसीस द्यावी?

जमिनीचं अपील जिल्हा न्यायालयात आहे, भावकीत बोलणं जुळत आलंय आणि आता मिटवायचं कसं एवढंच ठरायचंय, अशांसाठी हे लिहितोय. बाहेर समझोत्याचा कागद नोटरी करून अपील काढून घेता येतं. नाहीतर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23 नियम 3 प्रमाणे तडजोड पुरसीस (तडजोडीच्या अटींचं, सगळ्यांच्या सह्यांचं लेखी निवेदन) कोर्टात देऊन तसा हुकूमनामा (कोर्टाच्या निकालाचा अधिकृत कागद) घेता येतो. चुलत घराशी आमचा वाद होता तेव्हा आम्ही दोन्हींचा विचार केला होता.

बाहेरच्या कागदाची ओढ मी समजू शकतो. चार जाणत्या माणसांसमोर ओसरीवर बसून मिटतं, लांब दिलेल्या बहिणींना कोर्टाची पायरी चढावी लागत नाही. सातबाऱ्यावर काहीच बदलायचं नसेल, नुसता पैशाचा हिशेब असेल, तर तेवढं पुरतही असेल.

माझं मन फिरलं ते फेरफारापाशी, म्हणजे सातबाऱ्यावरची नोंद बदलण्यापाशी. मसुदा घेऊन तलाठ्यांकडे गेलो. त्यांनी तो शेवटपर्यंत वाचला, सातबारा उघडून आमच्या नावांवर बोट ठेवलं आणि म्हणाले, "दादा, नोटरीवर हिस्से बदलत नाहीत. नोंदणीकृत दस्त आणा, नाहीतर कोर्टाचा हुकूम." त्यांचं बरोबरच होतं. म्हणजे सगळं मिटूनही कागदोपत्री जमीन होती तशीच राहणार.

वकिलांनी दाखवलेली अडचण तर याहून मोठी. अपील काढून घेतलं की खालच्या कोर्टाचा हुकूमनामा जसाच्या तसा कायम राहतो. आमच्या समझोत्यात विहीर निम्मी-निम्मी, हुकूमनाम्यात ती पूर्ण समोरच्यांची. हुकूमनाम्यानंतर झालेली तडजोड कोर्टात नोंदवलेली नसेल, तर त्याच संहितेच्या आदेश 21 नियम 2 मुळे दरखास्तीचं (हुकूमनामा अमलात आणायच्या अर्जाचं) कोर्ट तिची दखल घेत नाही. ताब्यासारख्या गोष्टीसाठी दरखास्तीला मुदत 12 वर्षांची. समोरच्या घरातल्या काकांच्या शब्दावर माझा विश्वास होता आणि आहे. पण तोवर दोन्ही घरांचा कारभार पुढच्या पिढीकडे गेलेला असेल, आणि त्या मुलांच्या हातात परस्परविरोधी दोन कागद ठेवणं मला पटेना.

पुरसीसही सोपी नाही, हे सांगायला हवं. सगळ्या पक्षकारांच्या सह्या लागतात. मध्ये कुणी वारलं असेल तर वारस आधी रेकॉर्डवर आणावे लागतात आणि अज्ञान (अठरा वर्षांखालच्या) वारसाच्या वतीने तडजोड करायची तर कोर्टाची परवानगी घ्यावी लागते. एकदा हुकूमनामा झाला की संहितेच्या कलम 96(3) प्रमाणे त्यावर अपील नाही, आणि तडजोड बेकायदेशीर होती म्हणून वेगळा दावाही चालत नाही.

म्हणून आम्ही सगळा जीव मसुद्यात ओतला. "वाट वहिवाटीप्रमाणे राहील" हे वाक्य काढून गट नंबर, पूर्वेचा बांध, ट्रॅक्टर ट्रॉलीसह जाईल एवढी फुटात रुंदी असं लिहिलं. विहिरीच्या पाण्याच्या पाळ्या वारांसकट घातल्या. मोटार जळाली तर दुरुस्तीचा खर्च कुणी किती द्यायचा तेही लिहिलं. मोजणीची क प्रत (सरकारी मोजणीचा नकाशा) पुरसीसीला जोडली. खरी भांडणं हिश्श्यांपेक्षा या गोष्टींवरून होतात, असा माझा तरी अनुभव आहे.

एक गोष्ट मात्र तपासून घ्या. वाटेच्या बदल्यात द्यायची आमची पट्टी दाव्याबाहेरच्या गटात होती. दाव्यातल्या जमिनीपुरत्या तडजोडीच्या हुकूमनाम्याला नोंदणी कायद्याच्या कलम 17 मध्ये सूट आहे, बाहेरच्या जमिनीला ती नाही. त्यामुळे आम्हाला नोंदणी करावी लागली, मुद्रांकाचा खर्चही आला.

हीच पुरसीस लोकअदालतीत ठेवता येते. तिथला निवाडा हुकूमनाम्यासारखाच असतो आणि कोर्ट फीही परत मिळते. सगळे त्याच दिवशी येऊ शकत असतील तर मी तोच मार्ग सुचवीन. आमच्या आत्याला ती तारीख जमण्यासारखी नव्हती, म्हणून आम्ही नेहमीच्या तारखेला सह्या केल्या. न्यायाधीशांनी प्रत्येकाला मजकूर मान्य आहे का, दबाव नाही ना, असं विचारलं. आत्यालाही विचारलं.

पुढे हुकूमनाम्याची सही-शिक्क्याची नक्कल आणि क प्रत जोडून तलाठ्यांकडे अर्ज दिला. हरकतीची नोटीस निघाली, हरकत कुणाची आली नाही, आणि मंडळ अधिकाऱ्यांनी नोंद प्रमाणित केली.