लहान मापाचा फुल बॉडी हार्नेस: पत्र्याच्या कामावर कसा आहे?

कोल्हापुरात पत्र्याचं किंवा कौलांचं काम करणाऱ्या टोळीत बायका असतात, पण खाली. स्क्रूची पिशवी दोरीला बांधून द्यायची, उतरवलेली कौलं रचायची, फुटकी वेगळी काढायची, राडारोडा भरायचा. वर चढायचा विषय निघाला की मुकादमाचं उत्तर तयार असतं, "ताई, तुम्ही खालूनच द्या. तुम्हाला बेल्ट बसत नाही." यातलं बेल्टचं म्हणणं बऱ्याचदा खरंही असतं. साइटवर फिरणारा बेल्ट, म्हणजे खांदे, छाती आणि मांड्यांना पट्टे असलेला, पडताना माणसाला झेलणारा हार्नेस, एकाच मापाचा, त्यावर ‘फ्री साइज’ लिहिलेलं, आणि तो धिप्पाड माणसाच्या अंगाला धरून शिवलेला. पाच फुटांच्या आतल्या बाईला तो बसत नाही, तसाच किरकोळ अंगाच्या पोरालाही बसत नाही. पोराला मात्र तसाच चढवतात.

म्हणून एस-एम (लहान-मध्यम) मापात मिळणारा, पुढचे पट्टे छातीच्या बाजूने वळवलेला फुल बॉडी हार्नेस कामाच्या नजरेने तपासायला हवा. आमचं मत आधीच सांगतो: घ्यावा. टोळीत चार बेल्ट असतील तर निदान एक या मापाचा असावा, आणि सोबतची दोरी दुकानदार देईल ती न घेता नीट निवडून घ्यावी.

साध्या बेल्टात छातीवरची आडवी पट्टी खांद्याच्या दोन सरळ पट्ट्यांना जोडलेली असते. धड आखूड असलं की ही पट्टी एक तर नको तिथे दाबते, नाहीतर सरकत गळ्यापाशी येते. माणूस पडला की अंगाचं वजन मांड्यांच्या पट्ट्यांवर येतं, खांदे वर ओढले जातात आणि सैल राहिलेली छातीची पट्टी थेट गळ्याला लागते. लहान मापात खांद्यापासून मांडीपर्यंतचा पट्टाच आखूड असतो, त्यामुळे ती छातीच्या मध्यावर राहते. दुसरा फरक पाठीच्या डी-रिंगचा, म्हणजे दोरी अडकवायच्या कडीचा. ती दोन खवाट्यांच्या मधोमध हवी. मोठा बेल्ट लहान अंगावर घातला की ती कमरेकडे घसरते, आणि पडल्यावर माणूस सरळ लटकण्याऐवजी पुढे ओणवा होतो.

घालण्याची रीत अशी. बेल्ट पाठीच्या डी-रिंगला धरून झटकायचा, म्हणजे पट्ट्यांचा पीळ सुटतो. मग जाकीट घालतात तसा खांद्यांवर चढवायचा, आधी मांड्यांच्या पट्ट्या लावायच्या आणि शेवटी छातीची. मांडीच्या पट्टीत आडवा तळवा गेला पाहिजे, मूठ जाता कामा नये. पट्टीचं उरलेलं टोक रबरी कडीत अडकवायचं. बकलबाहेर निदान चार बोटं टोक राहिलं पाहिजे, नाहीतर पट्टी ओढली जाऊन सुटू शकते. मोठ्या बेल्टात याच्या उलट घडतं. पट्टी शेवटच्या टोकापर्यंत आवळली तरी मांडीला सैल राहते आणि हातभर टोक लोंबत राहतं. पत्र्यावर ते टोक स्क्रूच्या डोक्यात अडकलं की तोल गेलाच म्हणून समजा.

साडीवर हा बेल्ट घालू नये. निऱ्यांवरून मांडीची पट्टी सरकते आणि काष्ट्यावरही ती जागेवर राहत नाही. साडीवर नवऱ्याचा फुल बाह्यांचा शर्ट घालून काम करण्याची पद्धत खाली चालते, वर नाही. पँट किंवा मापाची सलवार, आत खोचलेला शर्ट आणि चार-पाच नंबरचे रबरी तळाचे बूट हवेत. हे कपडे ठेकेदाराने द्यावेत, हजेरीतून कापू नयेत. बाई गरोदर असेल तर बेल्ट घालून उंचीवर पाठवू नये, कारण पडताना पट्ट्यांचा सगळा झटका पोटाखाली बसतो. तेवढ्या दिवसांत तिला जमिनीवरचं, पण त्याच दराचं काम द्यावं: मापं घेणं, पत्रा कापायच्या खुणा करणं, मालाचा हिशोब.

आता दोरी. सगळ्यात मोठी चूक इथे होते. बेल्टासोबत येणारा लॅनयार्ड (डी-रिंगला लावायची दोरी) बहुधा शॉक अ‍ॅब्सॉर्बर (पडताना उसवत जाऊन झटका कमी करणारी दुमडलेली पट्टी) धरून दोन मीटरचा असतो. तो पायांच्या पातळीला अडकवला की दोरी ताणली जाण्याआधीचं पडणंच खूप लांबतं, म्हणून ते करूच नये. डी-रिंगच्या वर अडकवला तरी कंपन्या जो हिशोब देतात तो बघा: दोरी २ मीटर, अ‍ॅब्सॉर्बर फाटून वाढणारी लांबी १.७५ मीटर, डी-रिंगपासून पायापर्यंत १.५ मीटर, शिवाय खाली मोकळी जागा १ मीटर. दोरी अडकवलेल्या जागेपासून जमिनीपर्यंत एकूण ६.२५ मीटर हवेत. शिरोलीतल्या किंवा गोकुळ शिरगावातल्या एखाद्या छोट्या शेडवर दोरी अडकवायची जागा जमिनीपासून पाच मीटरवर असेल, तर बेल्ट घालूनही माणूस जमिनीवर आपटणार. अशा शेडवर आढ्यापासून सोडलेला दोर आणि त्यावर सरकून आपोआप पकडणारा रोप ग्रॅब वापरावा. दोराची लांबी अशी बांधावी की माणूस वळचणीच्या कडेपर्यंत पोचूच नये. पडल्यावर झेलण्यापेक्षा पडूच न देणं कधीही स्वस्त आणि खात्रीचं.

दोर बांधायची जागा निदान १२ किलोन्यूटन, म्हणजे साधारण १,२०० किलोचा ओढा सोसणारी हवी. पातळ झेड पर्लिन (पत्र्याखालची आडवी लोखंडी पट्टी), पाइपची रेलिंग, जे-बोल्ट (पत्रा अडकवायचे आकडे) यांच्या भरवशावर राहू नका. छपराच्या कैचीच्या मुख्य लोखंडाला स्लिंग (मजबूत पट्ट्याचा फास) घालून बांधा. सिमेंटच्या पत्र्यावर आणि जुन्या प्लॅस्टिकच्या उजेडपत्र्यावर तर पाय देऊच नये. धूळ आणि रंग बसला की उजेडपत्रा ओळखूही येत नाही. निदान दोन पर्लिनांवर टेकतील अशा फळ्या टाकूनच पुढे सरकावं.

हलक्या माणसांसाठी आणखी एक गोष्ट आहे. दुकानदार ती सांगत नाही. अ‍ॅब्सॉर्बर १०० किलोच्या वजनावर तपासलेला असतो. त्याची शिवण ठरावीक ओढ्यालाच उसवते, त्यामुळे ४५ किलोच्या बाईला वजनाच्या मानाने झटका जास्त बसतो. लेबलवर किमान वजन लिहिलेलं असेल तर ते वाचा, आणि एकूणच तिची दोरी आखूड ठेवा.

माणूस लटकला तर काय करायचं, हे चढण्याआधी ठरलेलं हवं. हालचाल न करता लटकत राहिलं की रक्त पायांत साठतं आणि काही मिनिटांत शुद्ध हरपू शकते. १०८ ला फोन कराच, पण तेवढ्यावर थांबू नका. पोचेल अशी शिडी आणि दुसरा दोर जागेवर हवा. काही हार्नेसमध्ये पाय टेकवून उभं राहायची पट्टी छोट्या पिशवीत दिलेली असते. ती असलेलाच नग घ्या. एकदा पडणाऱ्या माणसाला झेललेला बेल्ट दोरीसकट कापून टाका.

आता मुकादमाच्या दुसऱ्या कारणाकडे वळू: ताकद. अर्ध्या मिलिमीटर जाडीचा पत्रा धावत्या मीटरला पावणेपाच किलोच्या आसपास भरतो, म्हणजे वीस फुटी पत्रा २९ किलोचा. तो एकटा गडी उचलत नाही, दोर लावून तिघं ओढतात. एक मंगलोरी कौल दोन-तीन किलोचं असतं. आठ कौलांची पाटी डोक्यावर घेऊन बाई दिवसभर फिरते, ते कुणाला जड वाटत नाही. वरच्या कामाला हात सावध लागतो. स्क्रू मशीन काटकोनात धरायचं आणि रबरी वॉशर कडेने किंचित फुगला की बोट सोडायचं. वॉशर पसरून बाहेर आला असेल तर जास्त आवळला, ऊन-पावसात तो चिरणार. बोटाने फिरत असेल तर सैल, पहिल्याच वळवाला गळणार. ही नजर पंधरा-वीस दिवसांत बसते. आधी जमिनीवर तुकड्यांवर सराव, मग आढ्याजवळचं सिलिकॉन आणि पन्हळ साफ करणं, मग एका पाख्याचे स्क्रू, असं चढत न्यावं.

हजेरी ठरते ती मशीन कुणाच्या हातात आहे त्यावर. मिस्त्री एका दराने, बिगारी दुसऱ्या. समान कामाला समान मोबदला हा कायदा १९७६ मध्ये आला आणि २०१९ च्या वेतन संहितेतही ते बंधन कायम आहे. पण बाईला वर जाऊच दिलं नाही तर ‘समान काम’ म्हणायला जागाच राहत नाही. बेल्टाच्या मापाचा पगाराशी संबंध आहे तो असा. बेल्ट आणला आणि बाईच्या नावापुढे बिगारीच लिहिलं तर खर्च वाया गेला. वर्षात ९० दिवस भरले की बांधकाम कामगार कल्याण मंडळाच्या नोंदणीसाठी दाखला लागतो. तोही ठेकेदाराने न मागता द्यावा.

या मालातल्या उणिवाही सांगायला हव्यात. मांडीच्या पट्टीला गादी नसलेले नग स्वस्त असतात, पण तासाभरात काचतात आणि मग माणूस पट्टी सैल करतो. टंग बकल (कंबरपट्ट्यासारखं, भोकात काटा जाणारं) घामट हातांनी सोपं जातं, आरपार ओवायचं बकल उलटं ओवलं जाण्याची भीती असते. माहितीपत्रक बहुधा इंग्रजीत असतं. टोळीत निपाणीकडचे कन्नड बोलणारे असतात, बिहारचे असतात, अक्षरओळख नसलेल्या बायका असतात. त्यांना इंग्रजी कागदाचा काय उपयोग? चित्रांचा मोठा तक्ता हवा.

घेताना लेबलवर आयएस ३५२१ किंवा ईएन ३६१ (हार्नेसचं भारतीय किंवा युरोपीय मानक), माप आणि तयार केल्याचा महिना-वर्ष शिवलेलं आहे का ते बघा. नुसत्या पिशवीवर छापलेलं धरू नका. आणि शिवाजी उद्यमनगर, शिरोलीकडच्या दुकानदारांना एक सांगणं: एस-एमचा एक नग पिशवीतून काढून खुंटीला टांगून ठेवा आणि घ्यायला आलेल्या बाईला तो दुकानातच घालून बघू द्या. बेल्ट घालून ती दोन्ही हात वर करून उकिडवी बसली आणि छातीची पट्टी जागची हलली नाही, तर माप बरोबर आहे.