शिबुयातील युरोस्पेस : निर्मात्याच्या हातातला पडदा

तोक्योच्या शिबुया स्थानकातून बाहेर पडून मारुयामाचोचा चढ चढू लागले, की लव्ह हॉटेलांच्या (जोडप्यांना तासांवर खोल्या देणाऱ्या हॉटेलांच्या) दाटीत किनोहाउस ही इमारत लागते. तिच्या तिसऱ्या मजल्यावर ‘युरोस्पेस’ हे छोटे चित्रपटगृह आहे. ९२ आणि १४५ आसनांची दोन प्रेक्षागृहे, एवढाच त्याचा पसारा. तरीही जपानी स्वतंत्र चित्रपटात निर्माता नेमके काय करतो, हे ज्याला समजून घ्यायचे आहे, त्याने आधी येथे यावे, असे माझे मत आहे.

जपानमधला मोठा चित्रपट बहुधा ‘सेइसाकु इइन्काइ’, म्हणजे निर्मिती समितीच्या पैशावर उभा राहतो. वाहिन्या, प्रकाशक, जाहिरात संस्था आणि वितरक मिळून पैसे घालतात आणि आपापले हक्क राखून ठेवतात. स्वतंत्र निर्मात्याला समितीची मर्जी सांभाळावी लागत नाही, पण समितीबरोबर चालून येणारा पडदाही त्याच्या वाट्याला येत नाही. म्हणून त्याचे निम्मे काम चित्रीकरण संपल्यावर सुरू होते. युरोस्पेसचे चालक होरिकोशी केन्झो यांनी हा प्रश्न उलट्या टोकाकडून सोडवला. १९८२ साली चित्रपटगृह उभे राहिले, पुढे त्याला परदेशी चित्रपटांच्या वितरणाची आणि निर्मितीची जोड मिळाली. इराणी दिग्दर्शक अब्बास किआरोस्तामी यांचे चित्रपट त्यांनी जपानी प्रेक्षकांपर्यंत आणले आणि त्याच किआरोस्तामींनी जपानमध्ये, जपानी भाषेत केलेल्या ‘लाइक समवन इन लव्ह’ या २०१२च्या चित्रपटाचे ते फ्रेंच निर्माते मारिन कार्मिट्झ यांच्यासह निर्माते झाले. हारा काझुओ यांचा ‘युकि युकिते शिन्गुन’ हा माहितीपटही १९८७ साली युरोस्पेसच्याच जुन्या जागेत लागला आणि महिनोन्‌महिने चालला; त्याच्या निर्मात्या कोबायाशी साचिको या दिग्दर्शकाच्या पत्नी. (घरचा हिशेब आणि चित्रपटाचा हिशेब एकाच वहीत असणे ही या क्षेत्रातली नवलाची गोष्ट नव्हे.)

मी पाहिलेल्या एका खेळानंतर बाहेरच्या टेबलावर चित्रपटाच्या पुस्तिका विकायला खुद्द निर्माताच उभा होता. पत्र्याच्या डब्यातून सुटे पैसे परत देता देता तो प्रत्येकाला एकच प्रश्न विचारत होता : या चित्रपटाविषयी तुम्हाला कुठून कळले? उत्तरे तो छोट्या वहीत टिपून घेत होता. तिकिटाच्या उत्पन्नातला साधारण निम्मा वाटा चित्रपटगृहाकडे जात असताना पुस्तिकेचे चार पैसेही त्याला महत्त्वाचे असणार.

इमारतीच्या तळघरात ‘एइगा बिगाक्को’ ही चित्रपटशाळा आहे, तर चौथ्या मजल्यावरच्या ‘सिनेमा व्हेरा’त जुने चित्रपट लागतात, त्यामुळे एखादा दिवस येथे सहज निघून जातो. जपानमध्ये जपानी चित्रपटांना बहुधा इंग्रजी उपशीर्षके नसतात, हे लक्षात ठेवूनच तिकीट काढावे, आणि शक्य असल्यास वेळापत्रकात ‘बुताइ आइसात्सु’ अशी नोंद असलेला खेळ निवडावा, कारण त्या दिवशी चित्रपटाची माणसे स्वतः मंचावर येऊन प्रेक्षकांशी बोलतात.