कांटचं ‘केवळ बुद्धीच्या मर्यादेतला धर्म’: साडेतीन तारे

जर्मन तत्त्वज्ञ कांटच्या या पुस्तकाच्या इंग्रजी भाषांतराची पेपरबॅक प्रत मागवली. कोपरा दुमडून आली आणि अक्षर इतकं बारीक, की चष्म्यावर भिंग धरून वाचतोय. दीड तारा तिथेच कापला.

पहिलं प्रकरण तीनदा वाचलं. दुष्टपणाकडे माणसाचा कल मुळातलाच, तरी दोष त्याचाच, कारण तो त्यानं स्वातंत्र्यानं पत्करलेला. हे गळी उतरायला वेळ लागतो. चौथ्यात मात्र कांट सरळ म्हणतो: चांगल्या वागण्याखेरीज देवाला खूश करायला जे काही कराल, तो भ्रम. (आईला हे वाचून दाखवलेलं नाही, तिचे सोळा सोमवार चालू आहेत.)

खरी गंमत पुस्तकामागच्या भानगडीत आहे. १७९२ मध्ये बर्लिनच्या सेन्सॉरनं दुसरा निबंध (म्हणजे पुस्तकातलं दुसरं प्रकरण) अडवला. पठ्ठ्यानं येना विद्यापीठाच्या तत्त्वज्ञान विभागाची परवानगी काढून १७९३ मध्ये पुस्तक छापलंच. १७९४ मध्ये प्रशियाच्या राजाची तंबी आली, तेव्हा ‘महाराजांचा निष्ठावान प्रजाजन’ म्हणून धर्मावर गप्प राहायचं वचन दिलं. १७९७ मध्ये महाराज वारले, आणि कांट म्हणाला, वचन त्यांच्यापुरतंच होतं! आमच्या रत्नागिरीच्या वकिलांनी शिकवणी लावावी.