आठ महिने, एक पोळी, एक कार्टून: 'द टू माउसकेटिअर्स'

दिवाळीत लेकीसाठी टॉम अँड जेरीचा जुन्या कार्टून्सचा डीव्हीडी संच घेतला. त्यातलं हे १९५२चं कार्टून तिने असं काही धरलंय की बाकीच्यांना हातही लागत नाही. सातेक मिनिटांचा मामला. एक पोळी, एक कार्टून, असा आमचा हिशोब बसलाय.

फ्रान्सच्या राजाच्या वाड्यात मेजवानी मांडलेली, राखणीला टॉम. काही कमी-जास्त झालं तर मुंडकं उडेल, अशी तंबी. आणि तलवारी लटकवून, मस्केटिअर्सच्या (फ्रान्सच्या राजाच्या जुन्या शिपायांच्या) थाटात जेरी आणि चिमुकला उंदीर निबल्स येतात. निबल्स दारूच्या पेल्यात पडून झिंगतो आणि टॉमला मागून टोचतो, 'तूशे, पुसीकॅट!' (तूशे म्हणजे तलवारबाजीतलं 'लागली!') निबल्सचा तो आवाज खऱ्याच सहा वर्षांच्या मुलीचा आहे, म्हणून इतका गोड. आता घरात कुणी वाकलं की लाटणं टोचलंच समजा. सासूबाईंना फ्रेंच काय नि इंग्रजी काय, तरी त्याच ठिकाणी हसतात. टॉम आणि जेरी बोलतच नाहीत ना.

वीस-पंचवीस वेळा पाहून झाल्यावर माझं लक्ष चित्रावरून उडून स्कॉट ब्रॅडलीच्या संगीताकडे गेलं. एकदा स्वयंपाकघरातून नुसतं ऐका. कोण दबकतंय, कोण आपटलं, सगळं कळतं. या मालिकेला सात ऑस्कर मिळाली, त्यातलं सहावं याला.

शेवटाबद्दल मात्र सांगायलाच हवं. चोरलेलं खाणं घेऊन दोघे निघतात, दूरवर गिलोटिन, म्हणजे मुंडकं उडवायचं यंत्र, दिसतं, ढोल वाजतात, पातं खाली येतं. लेकीचा घास तोंडातच राहिला. 'माऊ कुठे गेली?' १९५४च्या 'तूशे, पुसी कॅट!'मध्ये टॉम धडधाकट दिसला, तेव्हा कुठे जीव भांड्यात पडला. लहान मूल असेल तर पहिल्यांदा शेजारी बसा. (गिलोटिन फ्रान्समध्ये आलं १७९२ला, मस्केटिअर्स त्याआधी दीडेकशे वर्षांचे, ही चूक नवऱ्याने पहिल्याच दिवशी काढली. कार्टूनमध्येसुद्धा!)

पाचव्या महिन्यापासून तबकडी तोफेच्या प्रसंगाला अडकते. दुकानदाराने 'ओरखडे तुमच्याकडचेच' म्हणून हात झटकले. मऊ फडक्याने पुसून पाहिलं, फरक शून्य. चित्र थबकलं की लेक स्वतःच 'धडाम!' म्हणते आणि पुढचा घास घेते.