गॅपलेस गेलं, मग हाय-रेझचं करायचं काय? नेटवर्क प्लेअरवर ‘द वॉल’: काही महिन्यांनंतर

आवाजाबद्दल तक्रार नाही, हे आधीच सांगतो. तक्रार आहे दोन ट्रॅकच्या मधल्या फटीची. मागच्या फर्मवेअर (यंत्रातलं सॉफ्टवेअर) अपडेटनंतर, घरच्या नेटवर्कवरून गाण्यांच्या फाइल वाजवणाऱ्या या प्लेअरचं गॅपलेस गेलं, म्हणजे ट्रॅक न थांबता सलग वाजणं बंद झालं, आणि पिंक फ्लॉइडचा ‘द वॉल’ ऐकवेना.

१९७९ चा हा डबल अल्बम म्हणजे २६ ट्रॅक, साधारण ८१ मिनिटं आणि बहुतेक गाणी एकमेकांत मिसळलेली. ‘द हॅपिएस्ट डेज ऑफ अवर लाइव्ह्ज’ संपताना ड्रम्स चढत जातात, किंकाळी फुटते आणि तिच्या पाठोपाठ ‘अनदर ब्रिक इन द वॉल’चा दुसरा भाग धाडकन सुरू होतो. माझ्याकडे किंकाळी कापली जाते, क्षणभर काहीच नाही, मग ठोका. अख्ख्या अल्बमने बांधत आणलेला ताण तिथे सुटतो.

सेवा केंद्राचं म्हणणं, ‘एमपीथ्रीत असं होतंच.’ एमपीथ्री बनताना फाइलच्या दोन्ही टोकांना रिकामे सॅम्पल, म्हणजे शांततेचे बारीक तुकडे, भरले जातात, हे खरं. पण माझ्या फाइल फ्लॅक आहेत, म्हणजे आवाजातलं काहीही न गाळता लहान केलेल्या. त्यात असली भर पडत नाही. प्लेअरने पुढची फाइल वेळेत बफरमध्ये, म्हणजे तात्पुरत्या मेमरीत, घ्यायची, एवढंच. हे लिहून कळवलं तर उत्तर आलं, ‘फॅक्टरी रीसेट करा.’ केलं. सगळी लायब्ररी पुन्हा स्कॅन झाली, फट जागच्या जागी!

चांगलं चालतं यंत्र बदलायचं माझ्या जिवावर येतं. म्हणून एलपीच्या बाजूंप्रमाणे चार सलग फ्लॅक फाइल करून घेतल्या. आता गाणं पुढे ढकलता येत नाही, बाजू लावली की पूर्ण ऐकायची. आणि इथे माझं मत बदललं. सुरुवातीला चांगल्या आवाजाचं सगळं श्रेय मी २४ बिटला, म्हणजे सीडीहून बारीक नोंदीच्या हाय-रेझ फाइलला, देत होतो. त्याच मास्टरची १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झची प्रत करून आलटून पालटून ऐकली. मला फरक सांगता येत नाही. १६ बिटलाही सुमारे ९६ डेसिबलची रेंज (सर्वात हळू ते सर्वात मोठ्या आवाजातलं अंतर) असते, या संगीताला ती पुरून उरते. ‘यंग लस्ट’च्या शेवटचा टेलिफोन घ्या. फोनच्या लाइनवर मुळातच ३०० ते ३४०० हर्ट्झच्या आसपासचा आवाज येतो, त्यात जास्त सॅम्पल रेट (सेकंदाला घेतलेल्या आवाजाच्या नोंदी) काय भर घालणार? पण भरगच्च गिटारनंतर तो चिंचोळा आवाज न तुटता आला की अंगावर येतो.

तिसरी बाजू तर एका बैठकीतच ऐकावी. ‘नोबडी होम’मध्ये पियानोमागे टीव्ही बडबडत असतो, तो आता नीट वेगळा ऐकू येतो. ‘कम्फर्टेबली नम’मध्ये मायकेल केमनचा वाद्यवृंद गिटारखाली दबत नाही. गिटारवादक गिल्मरचा दुसरा सोलो विरून गेला की शांतता. ती मूळ एलपीवरही तिथेच होती, ती हवीच.

आवाजाला पाचपैकी पाच, सॉफ्टवेअरला दोन. घेणार असाल तर पैसे देण्याआधी ताज्या फर्मवेअरवर ती किंकाळी ऐकून बघा. माझं एक दुखणं अजून बाकी आहे: अल्बमच्या शेवटी अर्धवट सुटलेलं वाक्य पहिल्या ट्रॅकच्या आरंभी पूर्ण होतं, आणि रिपीट लावला तरी हा प्लेअर नेमका त्या वाक्याच्या मध्ये थांबतो. पुढच्या अपडेटमध्ये तेवढं तरी दुरुस्त करा.