सिस्केल-ईबर्टचा शो आणि जुने पिक्चर
जुन्या पिक्चरवर परत बोलणारा रिव्ह्यू शो बघायचाय तर जीन सिस्केल आणि रॉजर ईबर्ट या दोन अमेरिकन सिनेसमीक्षकांच्या जुन्या टीव्ही शोपासून सुरुवात करा. १९८० च्या बेस्ट पिक्चरच्या यादीत ईबर्टने 'द ब्लॅक स्टॅलियन'ला पहिला नंबर दिलेला, 'रेजिंग बुल' दुसरा, पण अख्ख्या दशकातला बेस्ट निवडायची वेळ आली तेव्हा दोघांच्याही यादीत 'रेजिंग बुल'च वर, म्हणजे ईबर्टने आपलाच जुना क्रम बदलला आणि तो उघडपणे सांगितला, मला हे जाम आवडतं. दोघे शिकागोच्या एकमेकांशी स्पर्धा करणाऱ्या पेपरांतले, एरवी तावातावाने भांडणार, समोरच्याचं वाक्य मधेच तोडणार, त्यामुळे एकमत झालं की त्याला वजन येतं. तक्रार एकच, एवढ्या भारी पिक्चरवरची चर्चा पटकन गुंडाळतात राव, अजून ऐकायचं असतं. तरी बघाच.